चाल लावणारा माणूस : कोल्हापूरच्या चित्रसंगीताची पार्श्वभूमी

सिनेमा, मालिका, भावगीत, जाहिरात असं सगळं हाताळणाऱ्या संगीतकाराला आज आपण 'अष्टपैलू' म्हणतो. जुन्या कोल्हापुरात या शब्दाचं कुणाला फारसं कौतुक वाटलं नसतं. चाल लावणाऱ्याला इथं नाटकाचं पद, बैठकीची ठुमरी, लावणी आणि अभंग हे सगळं यायलाच हवं, अशीच समजूत होती.

सुरुवात करायची ती गोविंदराव टेंब्यांपासून. जन्म १८८१चा, गाव कोल्हापूरजवळचं सांगवडे. पेटीवर विलक्षण हात. त्या काळचं कोल्हापूर म्हणजे देवल क्लब या संगीतसंस्थेतल्या बैठका आणि शाहू महाराजांच्या आश्रयाला आलेले थोर गवई अल्लादियाखाँ. कान तयार व्हायला आणखी काय लागतं? १९११ साली 'मानापमान'च्या पदांना त्यांनी चाली दिल्या आणि पूरब अंगाच्या, म्हणजे बनारस-लखनौकडच्या, ठुमरी-कजरीचा डौल मराठी रंगभूमीवर आणला. दोन वर्षांनी बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्याबरोबर ते गंधर्व नाटक मंडळीचे भागीदार झाले.

पन्नाशीला आलेल्या या माणसाकडे मग बोलपट चालून आला. १९२९ साली कोल्हापुरातच सुरू झालेल्या 'प्रभात' फिल्म कंपनीनं १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट काढला. त्याचं संगीत टेंब्यांचं आणि पडद्यावरचा हरिश्चंद्रही तेच! पार्श्वगायन अजून आलेलं नव्हतं. नटानं अभिनय करता करताच गायचं, आणि वादकांनी कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर पण माइकच्या टप्प्यात बसून साथ करायची. एखादा सूर हलला की गाण्याबरोबर चित्रणही पुन्हा. नाटकातला 'वन्स मोअर' हौसेचा असे, हा सक्तीचा. माझ्या मते मराठी चित्रसंगीताचा तोंडवळा या अडचणीनंच घडवला: चाल अशी हवी की नटाला ती चालता-बोलता पेलली पाहिजे.

१९३३ मध्ये 'प्रभात' पुण्याला गेली. पण कोल्हापूर सिनेटोन (पुढचा जयप्रभा) आणि शालिनी सिनेटोन हे स्टुडिओ उभे राहिले आणि गाण्याचं काम थांबलं नाही.

सुधीर फडके याच गावचे, जन्म १९१९. वामनराव पाध्यांकडे इथंच गाण्याचे पहिले धडे. पुढं 'प्रभात'साठी संगीत, १९५५ मध्ये पुणे आकाशवाणीवरून गदिमांचं 'गीतरामायण', त्यातली छप्पन्न गीतं, आणि १९६१ मध्ये हिंदीत 'ज्योति कलश छलके'. आकाशवाणीवर आठवड्याला एक नवं गीत म्हणजे मालिकेचंच वेळापत्रक की! छोटा पडदा यायच्या कितीतरी आधी फडक्यांनी ते पाळून दाखवलं.

लावणीच्या अंगानं आले ते वसंत पवार. मूळचे सतारिये, आणि १९५९च्या 'सांगत्ये ऐका'मधली 'बुगडी माझी सांडली गं' त्यांची. त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या राम कदमांनी 'पिंजरा'पर्यंत तीच वाट पुढं नेली.

आणखी एक नाव, तेही टोपण: आनंदघन. मास्टर विनायकांच्या चित्रपट कंपनीत असताना लता मंगेशकर कोल्हापुरात राहिल्या होत्या. भालजी पेंढारकरांच्या सिनेमांना त्यांनी या नावानं संगीत दिलं. १९६५च्या 'साधी माणसं'मधलं 'ऐरणीच्या देवा' ऐकताना पडद्यामागं कोण आहे हे अनेकांना ठाऊकच नसे. शब्द मात्र कोल्हापूरच्याच जगदीश खेबुडकरांचे.

१९७२ मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झालं, १९९९ मध्ये खासगी मराठी वाहिनी आली आणि मालिकेचं शीर्षकगीत हा नवा प्रकार रुळला. मिनिटभरात मुखडा कानात बसला पाहिजे, रोज ऐकूनही विटता कामा नये. अशोक पाटकींनी 'आभाळमाया'साठी हे साधलं. आता मोरेवाडीच्या चित्रनगरीत आणि आसपासच्या गावांत मालिकांची चित्रणं होतात. संवादांत रांगडी कोल्हापुरी असते, पण गाणी बहुधा मुंबई-पुण्यात ध्वनिमुद्रित होऊन येतात. चौकटीबाहेर पेटी घेऊन बसलेलं कुणी सेटवर दिसत नाही.