खाउजा, नवउदारमतवाद आणि आपला कांदा

कांद्याच्या निर्यातीला खोडा बसला की नाशिकच्या लासलगाव-पिंपळगावला लिलाव बंद पडतात आणि मग जो तो नवउदारमतवादावर बोलायला लागतो. कोणी म्हणतं ते धोरण आलं म्हणून शेतकरी मेला, कोणी म्हणतं ते त्याच्यापर्यंत आलंच नाही म्हणून मेला. म्हणून आधी शब्दाचंच बघू.

मराठीत उदारमतवादी म्हटलं की जुने नेमस्त सुधारक आठवतात आणि उदार म्हणजे तर सढळ हाताचा माणूस, त्याला 'नव' लावलं की वाटतं अजूनच सढळ! प्रत्यक्षात सरकारने हात आखडता घ्यायचा असा अर्थ आपण घेतो. तोही अर्धाच. १९३८ ला पॅरिसमधे काही अर्थतज्ज्ञ आणि विचारवंत जमले होते, तिथे हा शब्द चर्चेत आला, आणि त्यातल्या बऱ्याच जणांचं म्हणणं होतं की बाजार नुसता मोकाट सोडून चालत नाही, नियम करायचे आणि स्पर्धा टिकवायची ते सरकारनेच. पुढे १९७३ नंतर चिलीत लष्करी राजवटीखाली हे धोरण आलं, मग ब्रिटन, अमेरिका, आणि शब्दाची हळूहळू शिवी झाली. आज स्वतःला नवउदारमतवादी म्हणवणारा माणूस क्वचितच सापडतो.

आपल्याकडे डाव्या मंडळींनी त्याला 'खाउजा' केलं. खाजगीकरण, उदारीकरण, जागतिकीकरण. शब्द भारी जमलाय, पण कारखान्याची लायसनची अट काढून टाकणं, सरकारी कंपनी विकणं आणि आयात-निर्यात मोकळी करणं या तीन वेगळ्या गोष्टी एकाच गोणीत भरल्या आणि माझ्या मते सगळा घोळ तिथूनच.

१९९१ ला परकीय चलन संपत आलं म्हणून सोनं गहाण टाकलं वगैरे सगळ्यांना पाठ आहे. जुलैच्या १ आणि ३ तारखेला रुपया उतरवला, २४ जुलैला १८ उद्योग सोडून बाकीच्यांची लायसनची अट गेली. नाशिकच्या सातपूर-अंबड कारखाना वसाहतीत त्याचे दोन्ही रंग दिसले, नवीन शेड उभ्या राहिल्या आणि कायम कामगार रिटायर झाला की त्याच्या जागी कंत्राटी पोरगा आला.

कांद्याचं मात्र वेगळं. १९८० लाच नाशिककरांनी ऊस-कांद्याच्या भावासाठी मुंबई-आग्रा रोड अडवला होता आणि सरकारने शेतमालाच्या बाजारातून हात काढावा हे त्या चळवळीचं म्हणणं पुढे ठाम होत गेलं. म्हणजे खुल्या बाजाराची भाषा इथे वॉशिंग्टनहून आली नाही, बांधावरूनच आली, हे खाउजावाले सोयीस्कर विसरतात (आणि कंत्राटी पोराचं कोणी विचारलं की खुल्या बाजारवाले गप्प, तेही आहेच).

मिळालं काय? जून २०२० मधे केंद्राचा वटहुकूम आला, साठ्याच्या बंधनातून कांदा एरवी मोकळा, आणि १४ सप्टेंबरला त्याच सरकारने निर्यात बंद केली! ऑक्टोबरात साठ्यावर मर्यादाही परत. ऑगस्ट २०२३ ला ४० टक्के शुल्क, डिसेंबरला पुन्हा बंदी, मे २०२४ ला बंदी उठली तर टनाला किमान ५५० डॉलरची अट आणि वर ४० टक्के शुल्क. द्राक्षाला असला जाच नाही, द्राक्ष महागलं म्हणून कोणी मतदान फिरवत नाही, कांदा महागल्याने १९९८ ला दिल्लीत सत्ताधारी पक्ष निवडणूक हरला ते नेते विसरलेले नाहीत.

सप्टेंबर २०२४ ला ५५० ची अट गेली, शुल्क २० टक्क्यांवर आलं, आणि ते पूर्ण जायला १ एप्रिल २०२५ उजाडला.