थकबाकी-वसुलीसाठी अवमान याचिका

देणे चुकते करण्याचा न्यायालयीन आदेश न पाळणाऱ्याविरुद्ध न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली उच्च न्यायालयात, किंवा आदेश सर्वोच्च न्यायालयाचा असल्यास तेथे, होणारी कार्यवाही. थकीत वेतन, निवृत्तिवेतन, भूसंपादनाचा मोबदला, पोटगी आणि तडजोडीतील हप्ते यांसाठी ती प्रामुख्याने केली जाते. दिवाणी व फौजदारी अवमान हा भेद इंग्लिश कायद्यातला. भारतातील १९२६ व १९५२ च्या अधिनियमांत अवमानाची व्याख्याच नव्हती. अवमान कायद्याचा फेरविचार करणाऱ्या सान्याल समितीच्या अहवालानंतर (१९६३) ती १९७१ च्या अधिनियमाच्या कलम २ मध्ये आली. त्यानुसार आदेशाचा किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग म्हणजे दिवाणी अवमान.

निव्वळ पैशाच्या हुकूमनाम्याची (दिवाणी दाव्यातील अंतिम निर्णयाची) वसुली दरखास्तीनेच, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जानेच, करावी, हे रूढ मत आहे. दरखास्तीला १२ वर्षांची मुदत असते आणि तीत जप्ती मागता येते. भूसंपादन-मोबदल्याच्या आर. एन. डे प्रकरणात (२०००) सर्वोच्च न्यायालयाने हेच बजावले. मात्र संमती हुकूमनाम्यात (पक्षकारांच्या तडजोडीवरून झालेल्या हुकूमनाम्यात) न्यायालयाला दिलेली हमी असेल, तर दरखास्तीचा मार्ग खुला असूनही अवमान चालतो (रामा नारंग, २००६). ही हमी गृहीत धरली जात नाही (बाबू राम गुप्ता, १९७९). म्हणून तडजोडपत्रात ‘प्रतिवादी अमुक रक्कम अमुक तारखेपर्यंत देईल’ एवढ्यावर थांबू नये. ‘प्रतिवादी न्यायालयास तशी हमी देत आहे’ असे लिहून ‘हमी स्वीकारली’ ही नोंद आदेशात करून घ्यावी.

अवमानाच्या कार्यवाहीसाठी कलम २० मध्ये भंगापासून एक वर्षाची मुदत आहे; तिच्यावर बराच वाद झाला. वर्षाच्या आत न्यायालयाने नोटीस काढायला हवी, की अर्ज दाखल होणे पुरे? ओम प्रकाश जयस्वाल प्रकरणातील (२०००) पहिला, कडक अर्थ पल्लव शेठ निकालाने (२००१) मागे पडला. वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला की पुरे, हे मत आता मान्य असून तेच न्याय्य वाटते. पैसे न देणे हा रोज नव्याने घडणारा भंग मानून मुदत लांबवण्याचा युक्तिवाद बेभरवशाचा आहे. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. पूर्ततेची तारीख नसलेल्या आदेशात भंग कधी झाला हेच वादात सापडते. ती तारीख आदेश होतानाच मागावी.

आदेशाची प्रमाणित नक्कल बजावल्याची पोच याचिकेला जोडावी आणि त्या वेळी पदावर असलेल्या अधिकाऱ्यास नावानिशी प्रतिवादी करावे. आदेश माहीत होता हे सिद्ध झाले नाही, तर ‘हेतुपुरस्सर’ हा घटकच गळतो. खरोखर ऐपत नसेल तरीही तसेच. ‘मागणीचा विचार करावा’ एवढाच आदेश असेल, तर कार्यालयाने मागणी फेटाळली तरी पूर्तता होते, त्या फेटाळणीला स्वतंत्र आव्हान द्यावे लागते (जे. एस. परिहार, १९९६).

शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही; दिवाणी अवमानात सहसा दंडच. तो अर्जदाराला मिळत नाही. नोटीस निघाल्यावर शिक्षा टाळण्यासाठी रक्कम भरली जाते, वसुली होते ती त्यामुळे.