तिसरा रिचर्ड: इतिहासातला आणि नाटकातला

२२ मे १४५५ रोजी, इंग्लंडच्या गादीसाठी चाललेल्या यादवीत, सेंट ऑल्बन्सच्या लढाईत ड्यूक ऑफ सॉमरसेट मारला गेला. शेक्सपिअरच्या रंगमंचावर त्याला ठार करतो तो रिचर्ड, पुढे इंग्लंडचा राजा झालेला तिसरा रिचर्ड. खऱ्या रिचर्डचा जन्म २ ऑक्टोबर १४५२चा. त्या दिवशी तो अडीच वर्षांचा होता, तलवार सोडा, लाकडी घोड्यावरही नीट बसता येऊ नये अशा वयाचा.

दोघांचं नाव एक, भाऊ तेच, लढाया त्याच, म्हणून घोळ होतो. त्यात नाटक इतकं जबरदस्त आहे की खरा माणूस त्याच्या सावलीत चारशे वर्षं दिसलाच नाही. नाटक साधारण १५९२-९३चं. तेव्हा गादीवर होती पहिली एलिझाबेथ, म्हणजे रिचर्डला मारून राजा झालेल्या हेन्री ट्यूडरची नात. शेक्सपिअरच्या हाती आलेल्या बखरी जिंकलेल्या घराण्याच्या छायेत लिहिलेल्या होत्या. त्यांचा मोठा आधार थॉमस मोर, रिचर्डचा इतिहास लिहिणारा. रिचर्ड पडला तेव्हा मोर जेमतेम सात वर्षांचा होता, आणि पुढे वाढला तो जॉन मॉर्टनच्या घरी. हा मॉर्टन रिचर्डचा कट्टर विरोधक. शेक्सपिअरने मुद्दाम खोटं रचलं असं मला वाटत नाही. त्याला जे मिळालं त्यात नाट्य ठासून भरलेलं होतं, आणि ते त्याने ओळखलं.

आधी शरीर. नाटकातला रिचर्ड कुबडा, एक हात वाळलेला, लंगडणारा. जॉन रूस नावाच्या लेखकाने तर लिहून ठेवलं की तो दोन वर्षं आईच्या पोटात होता आणि जन्मला तो दातांसह, खांद्यापर्यंत केस घेऊन. याच रूसने रिचर्डच्या हयातीत त्याची स्तुती केली होती! मग २०१२ साली लेस्टर शहरात एका कार पार्कखाली, जुन्या मठाच्या जागी, सांगाडा सापडला. बहिणीच्या वंशातल्या आजच्या माणसांशी डीएनए जुळला आणि फेब्रुवारी २०१३मध्ये तो रिचर्डच असल्याचं जाहीर झालं. पाठीचा कणा खरोखर वाकडा होता, पण बाजूला वळलेला. त्याला स्कोलिओसिस म्हणतात. कुबड नव्हतं, हात वाळलेला नव्हता. उजवा खांदा थोडा वर असणार, आणि नीट शिवलेल्या कपड्यांत तेही झाकलं जात असणार. वाकडेपणा जन्मजात नव्हता, तो वाढत्या वयात आला.

नाटकात मात्र हे शरीर दुष्टपणाचं कारण म्हणून येतं. देह वाकडा म्हणून मन वाकडं. मला या नाटकातली सर्वांत अन्यायाची गोष्ट हीच वाटते, कारण तिचा भार फक्त एका राजावर पडलेला नाही.

आता खून. नाटकात रिचर्ड आपला भाऊ क्लॅरेन्स याला कपटाने मारवतो. इतिहासात क्लॅरेन्सवर राजद्रोहाचा आरोप ठेवला तो थोरला भाऊ, राजा चौथा एडवर्ड याने. संसदेने दोषी ठरवलं आणि फेब्रुवारी १४७८मध्ये देहदंड झाला. नाटकात रिचर्ड गादीवरून हटवलेला राजा सहावा हेन्री याच्या प्रेताशेजारी त्याच्या विधवा सुनेला, लेडी ॲनला, वश करतो. खरी ॲन त्याच्या ओळखीची होती, कारण लहानपणी तो तिच्याच वडिलांकडे, अर्ल ऑफ वॉरिककडे वाढला होता. लग्न झालं ते हेन्रीच्या मृत्यूनंतर वर्षभराने, १४७२मध्ये. मार्च १४८५मध्ये ती आजारपणात वारली. विषप्रयोगाची कुजबुज तेव्हाच सुरू झाली होती, पण पुरावा काही नाही. आणि नाटकात जिचे शाप अंगावर काटा आणतात ती राणी मार्गारेट, याच हेन्रीची बायको, १४८२मध्येच फ्रान्समध्ये वारली होती.

इथवर रिचर्डचे कैवारी खूश असतात. इंग्लंडमध्ये त्याची बाजू मांडणारी संस्था १९२४पासून आहे. पण पुढचा हिशेब त्यांच्या बाजूने सहज सुटत नाही.

एप्रिल १४८३मध्ये चौथा एडवर्ड वारला. मुलगा पाचवा एडवर्ड बारा वर्षांचा, धाकटा नऊ वर्षांचा. काका रिचर्ड राज्यरक्षक झाला. त्याने मुलांच्या मामाला लंडनच्या वाटेवरच अटक केली, पुढे मारवलं. १३ जूनला चौथ्या एडवर्डचा विश्वासू लॉर्ड हेस्टिंग्ज याचं डोकं खटल्याशिवाय उडवलं. मग घोषणा झाली, की भावाने आधीच दुसऱ्या स्त्रीला विवाहाचं वचन दिलं होतं, म्हणून ही मुलं अनौरस. २६ जूनला रिचर्ड राजा झाला. मुलं टॉवर ऑफ लंडनमध्ये होती. तेव्हा लंडनमध्ये असलेल्या डॉमिनिक मॅन्सिनी या इटालियनाने लिहिलंय की ती खिडकीआड दिवसेंदिवस कमी दिसू लागली आणि मग दिसेनाशी झाली. शरद ऋतूत रिचर्डविरुद्ध उठाव झाला तो आधी या मुलांसाठी होता. बघता बघता त्याचा उमेदवार हेन्री ट्यूडर झाला. म्हणजे उठाव करणाऱ्यांनी मुलं गेली असंच धरलं होतं. रिचर्डने त्यांना एकदा लोकांसमोर उभं केलं असतं तर अफवा तिथेच संपली असती. त्याने ते कधीच केलं नाही. कुणी रिचर्डचा साथीदार ड्यूक ऑफ बकिंगहॅम याच्याकडे बोट दाखवतं, कुणी हेन्रीकडे, पण मुलं रिचर्डच्या ताब्यात होती. नाटक हा खून रंगमंचावर दाखवतसुद्धा नाही, तो पडद्याआड होतो आणि रिचर्डने ते काम सोपवलेला टिरेल येऊन सांगतो. जे खून रिचर्डने केले नाहीत ते नाटकाने त्याच्या माथी मारले. पण ज्या आरोपातून इतिहास त्याला मोकळं करू शकत नाही तो हाच.

त्याच्या कारभाराला नाटकात जागाच नाही. १४८४च्या एकमेव संसदेत त्याने लोकांकडून सक्तीने ‘देणग्या’ उकळण्याची पद्धत बंद केली, संशयितांना जामिनाची वाट दिली, आणि दोष सिद्ध होण्याआधी मालमत्ता जप्त करायला मनाई केली. मुलांच्या बाबतीत दगडासारखा वागलेला माणूस सामान्य आरोपीच्या गाईगुरांची काळजी करत होता. दोन्ही एकाच माणसात होतं.

शेवटी तो घोडा. “घोडा द्या, घोड्यासाठी माझं राज्य देतो” ही आरोळी पळपुट्याची म्हणून सांगितली जाते. नाटक नीट वाचा: घोडा देतो, मागे फिरा, असं त्याला सांगितलं जातं आणि तो सांगणाऱ्यालाच झिडकारतो. त्याला घोडा हवा असतो हेन्रीपर्यंत पोचायला. २२ ऑगस्ट १४८५ला बॉसवर्थच्या रणांगणावर, आपल्या शेवटच्या लढाईत, खरा रिचर्डही थेट हेन्रीवर चालून गेला होता. हेन्रीचा निशाणबरदार विल्यम ब्रँडन याला पाडण्याइतका तो जवळ पोचला होता, तेवढ्यात स्टॅन्ली या सरदाराची फौज हेन्रीच्या बाजूने आडवी आली. सांगाड्याच्या कवटीवर नऊ जखमा आहेत, म्हणजे अखेरीस डोक्यावर शिरस्त्राण उरलं नव्हतं. आणि पॉलिडोर व्हर्जिलने, जो हेन्रीच्या दरबारी लिहीत होता, त्यानेही लिहून ठेवलं की रिचर्ड शत्रूच्या ऐन गर्दीत एकटा लढत पडला.