बाबूराव पेंटर : छायाचित्रण आणि दृश्यशैली

कोल्हापूरचे कलामहर्षी बाबूराव पेंटर (३ जून १८९० – १६ जानेवारी १९५४) यांचे मूळ आडनाव मेस्त्री. त्यांचे व त्यांच्या नात्यातील भाऊ आनंदराव यांचे नाव आधी झाले ते नाटकांच्या रंगवलेल्या पडद्यांमुळे. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहून दोघांना चलच्चित्राचा ध्यास लागला आणि त्यांनी कॅमेरा स्वतःच घडवायला घेतला. १९१६ साली आनंदराव वारले. राहिलेले काम बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या मदतीने १९१८ च्या सुमारास तडीस नेले. बाबूरावांनी काढलेल्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल पुरवले, आणि ‘सैरंध्री’ (१९२०) हा मूकपट याच देशी कॅमेऱ्यावर चित्रित झाला.

त्या काळच्या फिल्मवर लाल रंग काळा उमटे आणि निळे आभाळ पांढरेफटक पडे. रंग विसरून फक्त उजेड-सावलीच्या पायऱ्या पाहण्याची सवय चित्रकाराला असते. बाबूरावांची खरी शिदोरी तीच. प्रसंगांची रेखाटने ते आधी करून ठेवत. ज्या रंगीत पडद्यांनी त्यांना नाव दिले, तेच त्यांनी चित्रपटातून काढून टाकले, हे मुद्दाम सांगायला हवे. पडद्यावर रंगवलेली सावली जागची हलत नाही, खरा उजेड मात्र फिरतो. म्हणून त्यांनी घडीव, माणसे वावरू शकतील असे सेट उभारले. ‘सिंहगड’मध्ये (१९२३) रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला, तोवर येथील चित्रीकरण बहुतांशी सूर्याच्या भरवशावर चाले.

या शैलीचा कळस ‘सावकारी पाश’ (१९२५). ना. ह. आपटे यांच्या कथेवरील या चित्रपटात तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली. येथे देव नाहीत, चमत्कार नाहीत. कर्जात बुडालेले घर आहे. मंद उजेडातली उदास झोपडी आणि बाहेर रडणारे कुत्रे, हे दृश्य निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या मनात वर्षानुवर्षे घर करून होते. मूकपटात कुत्र्याचे रडणे ऐकू येत नाही. ते दिसावे लागते.

दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर महाराष्ट्र फिल्म कंपनीतच तयार झाले आणि १९२९ साली कोल्हापुरातच सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी ‘प्रभात’ ही चित्रपटसंस्था काढली. बाबूरावांचे बहुतेक मूकपट मात्र नष्ट झाले. ‘सावकारी पाश’मधली ती झोपडी आज पाहता येत नाही, तिथला उजेड वाडियांच्या आठवणीवरूनच ताडावा लागतो.