काम सांगणं वेगळं, निर्णय सोपवणं वेगळं

औशाला सोयाबीन खरेदीचा दुसरा काटा टाकला तेव्हा मला वाटायचं आपण सगळं मुनीमावर सोडलंय, आणि फोन मात्र दिवसाला चाळीसदा. मालक, मालात ओल 13 टक्के दाखवायली, घेऊ का? मालक, पन्नास वाढवून मागायलेत, देऊ का? एकदा मी उदगीरला लग्नात, डीजेत फोन ऐकूच आला नाही. ट्रॅक्टरवाल्यानं अर्धा तास वाट बघितली अन् गेला शेजारच्या काट्यावर. मुनीमाला बोललो तर म्हणतो, "तुमीच म्हणलाव ना, इचारल्याबिगर घेऊ नको." गप बसलो.

माल मोज, पट्टी (मालाचं बिल) कर, हिशोब लिही हे झालं काम. ओला माल घ्यायचा का परत लावायचा आणि भाव किती तोडायचा हा निर्णय, अन् तो मी कधी दिलाच नव्हता.

आता सकाळचा भाव मी सांगतो, त्याच्या वरखाली क्विंटलमागं 50 रुपये, ओल 12 पर्यंत, माल 30 क्विंटलपर्यंत, एवढ्यात मला फोनच करायचा नाही. (हमीभाव खरेदीला पण नेहमी 12 च धरतात, 2024 ला तेवढं 15 केलं होतं.)

पहिल्याच आठवड्यात त्यानं एक माल जरा महाग घेतला, मी तिथंच उभा होतो, जीभ वळवळत होती पण शेतकऱ्यासमोर बोललो नाही, कारण तिथं सौदा फिरवला असता तर उद्यापासून त्याला कुणी विचारलंच नसतं, सगळे थेट मलाच फोन लावले असते. संध्याकाळी शटर ओढल्यावर काय ते बोललो.

पण निर्णय दिला म्हणून आपली जबाबदारी सुटली असं पण नाही बरं का. 1872 च्या करार कायद्यात कलम 237 आहे, मुनीमाला अधिकार आहे असं तुमच्या बोलण्यावागण्यानंच लोकांना वाटलं असेल तर त्यानं केलेला सौदा तुमच्यावर बंधनकारक, नंतर हात वर करता येत नाहीत. म्हणून लिमिट काय आहे ते नेहमीच्या गिऱ्हाइकांच्या कानावर पण घातलंय.

पैशाचं मात्र अजून सोडलं नाही. नेटबँकिंगला दोन लॉगिन घेतलेत, पेमेंट तो टाकतो, मंजूर मी करतो. बायको म्हणते तिथंच तुमचा जीव अडकलाय, खरंय तिचं.

काल दिवसभरात तीन फोन आले, त्यातला एक चहापत्ती संपली म्हणून.