व्लास्ता बुरियान नाझींचा हस्तक नव्हता

चेक विनोदवीर व्लास्ता बुरियान नाझींना सामील होता, हे आजही सर्रास सांगितलं जातं. ते खरं नाही. या समजाचं मूळ १९४१च्या एका रेडिओ-प्रहसनात आहे. लंडनमध्ये परागंदा असलेल्या नाझीविरोधी चेकोस्लोव्हाक सरकारचे मंत्री यान मासारिक यांची टर उडवणारी भूमिका त्याने केली. आवाज त्याचाच होता, हे मान्यच. पण जर्मन अंमलाखालच्या प्रागमध्ये नाही म्हणणं जिवावरचं होतं, हे विसरून कसं चालेल? युद्धानंतर तुरुंग, दंड, अभिनयबंदी. स्वतःचं थिएटरही गेलं. तरुणपणी फुटबॉलचा गोलकीपर असलेला हा चपळ नट पुढे पडद्यावर परतला, पण कलंक घेऊनच. १९६२मध्ये तो वारला. निर्दोष ठरला १९९४मध्ये, तब्बल ३२ वर्षांनी!