निको विल्यम्स : २०३५ पर्यंतच्या कराराची पार्श्वभूमी

४ जुलै २०२५ रोजी बिल्बाओच्या अथलेटिक क्लब या स्पॅनिश फुटबॉल संघाने एक छोटी चित्रफीत प्रसिद्ध केली. तीत क्लबचा खेळाडू निको विल्यम्स स्प्रेने भिंतीवर आकडा रंगवताना दिसतो : २०३५. त्याचा २०२७ मध्ये संपणारा करार ८ वर्षांनी वाढवला गेला होता, आणि करारातल्या रिलीज क्लॉजची, म्हणजे मुदतीआधी सुटका करून घेण्यासाठी भरायची रक्कम आधीपेक्षा ५० टक्क्यांहून जास्त झाली होती. त्याआधीचे काही आठवडे स्पेनमधली क्रीडावृत्तपत्रे हा खेळाडू बार्सिलोनाला गेल्यातच जमा धरून चालली होती. एका विंगरचा, म्हणजे बगलेवरून हल्ला चढवणाऱ्या खेळाडूचा, करार इतका गाजण्याचे कारण केवळ त्याच्या खेळात नाही. त्यामागे एका कुटुंबाची, एका क्लबच्या धोरणाची आणि मुख्यतः स्पेनमधल्या एका कायद्याची कथा आहे. ती न कळता या निर्णयाला ‘निष्ठा’ किंवा ‘सौदेबाजी’ म्हणणे म्हणजे त्याला अर्धेच पाहणे.

निकोचा जन्म १२ जुलै २००२ चा, नवारा प्रांतातल्या पाम्प्लोनाचा. आईवडील घानाचे. सहाराचे वाळवंट त्यांनी बऱ्याच अंशी पायी ओलांडले आणि आफ्रिकेच्या किनाऱ्यावरच्या मेलिया या स्पॅनिश शहराचे कुंपण चढून स्पॅनिश भूमीत प्रवेश केला, तेव्हा आईच्या पोटात थोरला मुलगा होता. परत पाठवणी टाळण्यासाठी युद्धग्रस्त लायबेरियाचे आहोत असे सांगा, असा सल्ला त्यांना मिळाला. पुढे बिल्बाओत ज्या धर्मगुरूने त्यांना आधार दिला, त्याचेच नाव त्यांनी मुलाला ठेवले : इन्याकी. कामासाठी वडिलांना कित्येक वर्षे लंडनला राहावे लागले. त्या काळात ८ वर्षांनी मोठ्या इन्याकीने धाकट्याच्या बाबतीत जे केले ते बहुतेक घरांत वडील करतात. शाळेत पोहोचवण्यापासून सगळे त्याच्याकडे होते. निकोच्या कारकिर्दीतल्या जवळपास प्रत्येक वळणावर हा भाऊ उभा दिसतो, आणि २०२५ च्या निर्णयातही त्याला बाजूला ठेवता येत नाही.

पाम्प्लोना म्हणजे ओसासुनाचे गाव, आणि निकोची सुरुवातही त्याच क्लबच्या बालसंघांतून झाली. २०१३ मध्ये, ११ व्या वर्षी, तो अथलेटिकच्या लेझामा येथील प्रशिक्षण केंद्रात आला. बास्क प्रदेशात जन्मलेला किंवा तिथे फुटबॉल शिकून घडलेला खेळाडूच आपल्या संघात घ्यायचा, हे या क्लबचे शंभराहून अधिक वर्षांचे धोरण. बास्क म्हणजे स्पेनमधले चार आणि फ्रान्समधले तीन असे सात प्रांत. त्यात नवारा येतो, म्हणून निकोच्या पात्रतेबद्दल प्रश्न नव्हता. मात्र हे धोरण कायम इतके ऐसपैस नव्हते. १९५० च्या दशकात मिगेल जोन्स नावाचा मुलगा बिल्बाओत लहानाचा मोठा झाला, क्लबसोबत सरावही केला. पण जन्म आफ्रिकेतल्या स्पॅनिश वसाहतीतला, म्हणून त्याला दार उघडले नाही. तो अॅटलेटिको माद्रिदकडे गेला आणि तिथे नावारूपाला आला. कारण जन्मस्थानाचे होते की कातडीच्या रंगाचे, यावर बिल्बाओत अजूनही एकमत नाही. मुख्य संघातून खेळणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू २०११ मध्ये आला, आणि त्या संघासाठी गोल करणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू होता इन्याकी, २०१५ मध्ये. धाकटा भाऊ आला तेव्हा वाट मोकळी झाली होती, आणि ती मोकळी करणाऱ्यांत त्याच्याच घरचा माणूस होता.

निकोने मुख्य संघात पदार्पण केले २८ एप्रिल २०२१ रोजी, वायादोलिदविरुद्ध. दोन सख्खे भाऊ अथलेटिककडून एकत्र खेळण्याची १९८६ नंतरची ती पहिलीच वेळ. जानेवारी २०२२ मध्ये रियाधला झालेल्या स्पॅनिश सुपर कपच्या उपांत्य सामन्यात अॅटलेटिको माद्रिदविरुद्ध त्याने अखेरच्या टप्प्यात विजयी गोल मारला आणि बिल्बाओबाहेरच्यांनाही नाव कळले. सप्टेंबर २०२२ मध्ये तो स्पेनकडून पहिला सामना खेळला. त्याच्या आदल्याच दिवशी इन्याकी घानाकडून पहिल्यांदा उतरला होता. त्या वर्षीच्या कतारमधल्या विश्वचषकात एकाच घरातले दोघे दोन देशांच्या जर्सीत होते. उजव्या पायाच्या या खेळाडूने सुरुवातीची वर्षे दोन्ही बगलांवर काढली. डावी बाजू त्याची म्हणून पक्की झाली ती पुढे, आणि त्यानंतर त्याचा खेळ खुलला : बाहेरून फुल-बॅकला, म्हणजे बगलेवरच्या बचावपटूला, मागे टाकून गोलरेषेपर्यंत जाणे किंवा आत वळून उजव्या पायाने फटका मारणे, दोन्ही पर्याय शेवटच्या क्षणापर्यंत हातात ठेवायचे.

आता रिलीज क्लॉज. या प्रकरणात सर्वाधिक गैरसमज याच शब्दाभोवती आहेत.

स्पेनमध्ये व्यावसायिक खेळाडूंच्या नोकरीचे नियम १९८५ च्या एका शाही आदेशाने ठरतात. त्याआधी असा काळ होता, की करार संपला तरी क्लबला खेळाडू अडवून ठेवता येई. नव्या नियमाने खेळाडू हा कामगार ठरला, आणि कामगाराला नोकरी सोडता येते. क्लबची चूक नसताना त्याने मुदतीआधी नोकरी सोडली, तर क्लबला भरपाई द्यायची. ती किती, हे दोघांनी आधी ठरवले नसेल तर कामगार न्यायालय ठरवील. न्यायालय काय ठरवील याचा भरवसा कोणालाच नसतो, म्हणून क्लब आणि खेळाडू करारातच आकडा लिहून मोकळे होतात. तो आकडा म्हणजे रिलीज क्लॉज. म्हणजे हा क्लबने लावलेला विक्रीचा भाव नव्हे. मुळात तो खेळाडूने स्वतःची सुटका करून घेण्याचा हक्क आहे. ही रक्कम कागदोपत्री खेळाडूच भरतो. ती लीगच्या कार्यालयात जमा होते आणि तिथून त्याच्या क्लबकडे जाते. क्लबची संमती लागत नाही.

प्रत्यक्षात एवढे पैसे कोणत्याही खेळाडूकडे नसतात. ते नव्या क्लबकडून येतात, आणि इथून गुंता सुरू होतो. नव्या क्लबने दिलेला पैसा खेळाडूचे उत्पन्न मानायचा का? बरीच वर्षे उत्तर असे होते की त्यावर कर लागण्याची टांगती तलवार राही, आणि खरा खर्च आकड्यापेक्षा कितीतरी जास्त होऊ शके. २०१६ च्या सुमारास कर प्रशासनाने भूमिका बदलली आणि ही वाट पुष्कळ सोपी झाली. पुढच्याच वर्षी नेमारसाठी २२.२ कोटी युरो याच मार्गाने भरले गेले. दुसरी अडचण रोखीची. सामान्य खरेदीत रक्कम तीन-चार वर्षांच्या हप्त्यांत वाटता येते. क्लॉज भरायचा तर सगळा पैसा एकदम.

बहुतेक क्लबांच्या बाबतीत हा मार्ग शेवटचा उपाय असतो, कारण ते वाटाघाटीला बसतात. अथलेटिक बसत नाही. गेलेल्याची जागा भरायला त्याच्यासाठी बाजारात खेळाडूच नसतात. खेळाडू गेला तर पर्याय त्या सात प्रांतांतूनच शोधावा लागतो. त्यामुळे ‘क्लॉज भरा आणि न्या’ हे एकच उत्तर तिथे वर्षानुवर्षे दिले जाते. हावी मार्तिनेझ २०१२ मध्ये ४ कोटी युरोंना गेला, आंदेर एरेरा २०१४ मध्ये ३.६ कोटींना, लापोर्त जानेवारी २०१८ मध्ये ६.५ कोटींना आणि गोलरक्षक केपा त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ८ कोटींना. चौघेही तिशीच्या आत, आणि प्रत्येक वेळी पूर्ण रक्कम भरून. बिल्बाओच्या प्रेक्षकांना निकोच्या वेळी जी धास्ती वाटली तिचे मूळ या यादीत आहे. त्याच यादीच्या काळात इन्याकीने २०१९ मध्ये २०२८ पर्यंतचा, म्हणजे ९ वर्षांचा करार केला आणि १३.५ कोटींचा क्लॉज मान्य केला. सुटकेचा हक्क त्याने जवळजवळ स्वतःहून सोडला असे म्हणता येईल.

निकोने डिसेंबर २०२३ मध्ये २०२७ पर्यंत करार वाढवला तेव्हा मात्र क्लॉज बेताचा राहिला. २०२४ च्या उन्हाळ्यात तो सुमारे ५.८ कोटी युरो असल्याचे वृत्तांत सांगितले जात होते. थोरल्याच्या आकड्याच्या निम्म्याहून कमी! धाकट्याने दार लोटून घेतले होते, कडी घातली नव्हती. या तपशिलाकडे त्या वेळी फारसे कोणाचे लक्ष गेले नाही, कारण बिल्बाओला तेव्हा दुसरेच वेध लागले होते.

६ एप्रिल २०२४. सेव्हियाच्या ला कार्तुहा मैदानावर कोपा देल रे या स्पॅनिश चषकाचा अंतिम सामना, समोर मायोर्का. मायोर्काने आघाडी घेतली. मध्यंतरानंतर निकोच्या पासवर सहकारी सान्सेटने बरोबरी साधली, आणि पेनल्टी शूटआऊटमध्ये अथलेटिकने ४-२ अशी बाजी मारली. १९८४ नंतर पहिल्यांदा हा चषक बिल्बाओत आला. सामनावीर निको. ११ एप्रिलला संघ जुन्या प्रथेप्रमाणे गाबारा नावाच्या पडावात बसून नेर्बिओन नदीतून मिरवत गेला आणि दोन्ही काठांवर माणसांचा पूर लोटला. ४० वर्षांत एक अख्खी पिढी हे दृश्य फक्त घरातल्या वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकत वाढली होती. त्या दिवशी पडावात दोघे भाऊ होते.

तीन महिन्यांनी युरो, म्हणजे युरोपातल्या राष्ट्रीय संघांची स्पर्धा. गटातल्या इटलीविरुद्धच्या सामन्यात निकोने समोरच्या फुल-बॅकला जागेवर ठरू दिले नाही. स्पेनला मिळालेला एकमेव गोल, इटलीचा स्वयंगोल, त्याच्याच क्रॉसमधून झाला. जॉर्जियाविरुद्ध त्याने गोल केला. १४ जुलैला बर्लिनमध्ये इंग्लंडविरुद्ध, ४७ व्या मिनिटाला, उजवीकडून आत आलेल्या लामीन यामालने, स्पेनच्या आणि बार्सिलोनाच्या विंगरने, चेंडू आडवा सोडला आणि निकोने डाव्या पायाने तो खाली, लांबच्या कोपऱ्यात ठेवला. स्पेन २-१ ने जिंकला. अंतिम सामन्याचा मानकरीही तोच. दोन दिवसांपूर्वी त्याला २२ वर्षे पूर्ण झाली होती. उजवीकडे यामाल, डावीकडे निको, आणि दोघांची मैदानाबाहेरची दोस्ती. बार्सिलोनाच्या समर्थकांना हे चित्र आपल्या जर्सीत बघायचे होते यात नवल नाही. त्या उन्हाळ्यात बार्सिलोनाने प्रयत्न केला, पण गोष्ट पुढे गेली नाही. निको राहिला आणि त्याने १० क्रमांकाची जर्सी घेतली.

२०२४-२५ च्या हंगामात अथलेटिक लीगमध्ये चौथा आला. युरोपा लीग या युरोपीय क्लबांच्या स्पर्धेचा अंतिम सामना सान मामेसवर, म्हणजे घरच्याच मैदानावर होणार होता. पण उपांत्य फेरीत मँचेस्टर युनायटेडने घरी ३-० आणि बाहेर ४-१ असे हरवले. परतीच्या सामन्याला निको दुखापतीमुळे नव्हता. ते स्वप्न तुटल्यावर त्याला इथे थांबवणारे काय उरले, असा सवाल जूनमध्ये उघड विचारला जाऊ लागला. बार्सिलोनाशी वैयक्तिक अटींवर सहमती झाल्याच्या बातम्या आल्या. दोघा भावांच्या एका भित्तिचित्रातला निकोचा चेहरा कोणीतरी खराब केला. जो मुलगा वर्षभरापूर्वी नदीतून मिरवला होता, त्याच्या वाट्याला हे येणे मला अन्यायाचे वाटते. क्लॉज भरून जाणे हा फितुरीचा प्रकार नव्हता. कायद्याने दिलेला आणि त्याच क्लबने सही करून मान्य केलेला हक्क होता.

मग तो गेला का नाही? इथे वाद आहे आणि दोन्ही बाजूंकडे काही ना काही सत्य आहे. क्लॉजचे पैसे भरणे ही पहिली पायरी. दुसरी पायरी खेळाडूची लीगमध्ये नोंदणी. स्पॅनिश लीग प्रत्येक क्लबला त्याच्या उत्पन्नानुसार पगाराची मर्यादा घालून देते, आणि बार्सिलोना गेली काही वर्षे त्या मर्यादेशी झगडत होता. २०२४ मध्ये घेतलेल्या दानी ओल्मोची नोंदणी जानेवारी २०२५ मध्ये रखडली आणि शेवटी सरकारी क्रीडा परिषदेच्या तात्पुरत्या आदेशावर तो खेळू शकला. विश्वचषक वर्षभरावर असताना कोणता विंगर असा धोका पत्करेल? निकोच्या बाजूने नोंदणीची लेखी हमी मागितली गेली आणि ती समाधानकारक मिळाली नाही, असे त्या वेळच्या वृत्तांत होते. अथलेटिकनेही गप्प न बसता, बार्सिलोनाला हा व्यवहार परवडतो का, हे लीगकडे जाऊन विचारले. बार्सिलोनाकडून याला अडथळा म्हटले गेले. माझ्या मते ते अथलेटिकचे कर्तव्यच होते. कोंडीत सापडलेल्या खेळाडूची किंमत अखेर त्या खेळाडूनेच मोजली असती.

करार जाहीर करताना निको म्हणाला की निर्णय घेताना आपल्यासाठी सर्वांत वजनदार ठरते ते मन, आणि हेच आपले घर आहे. हे खोटे मानण्याचे कारण नाही. पण हमी मिळाली असती तर मनाने काय सांगितले असते, याचे उत्तर या कराराच्या कागदावर नाही. मनाचाच कौल होता असे बिल्बाओत म्हणतात, पगार वाढवून घेण्यासाठी आमचे नाव वापरले असे बार्सिलोनात म्हणतात. आणि दोघेही नोंदणीचा तो मधला पेच सोयीने वगळतात.

मुदतीचा आकडा लक्ष वेधून घेतो, पण वाचायला हवा तो क्लॉजचा. आधीची रक्कम वर्षागणिक वाढत सहा कोटींच्या आसपास आली होती. त्यावर निम्म्याहून अधिक वाढ म्हणजे नऊ कोटींच्या वर कुठेतरी. यामालच्या बार्सिलोनातल्या करारात हा आकडा १०० कोटी युरो आहे, म्हणजे कोणीही भरू नये म्हणूनच लिहिलेला. निकोच्या करारातली रक्कम मोठ्या इंग्लिश क्लबांनी एका खेळाडूसाठी याआधी मोजलेली आहे. १० हंगामांचा करार करूनही त्याने थोरल्या भावासारखा १३.५ कोटींचा अडसर घातलेला नाही, आणि अथलेटिकने ते मान्य केले आहे. पुढच्या उन्हाळ्यांत कोणी पूर्ण रक्कम घेऊन लीगच्या कार्यालयात गेले, तर २०३५ ही तारीख आड येणार नाही. तेव्हाही विचारावे लागेल ते फक्त निकोला.